केणीकाकूंचा रिसोटो आणि माझं नाक

ज्या पदार्थाबद्दल मी आता भरभरून सांगणार आहे, तो मी जन्मात एकदाही खाल्लेला नाही. खाणारही नाही. आम्ही पक्के शाकाहारी. आमच्या घरात केकसुद्धा चौकशी झाल्याशिवाय येत नाही. तरीही कोळंबी, माकूल म्हणजे स्क्विड, आणि तिसऱ्या शिंपल्या घातलेला रिसोटो हा इटालियन भात कुठल्या टप्प्यावर कसा दिसतो, कसा वाजतो आणि मुख्य म्हणजे त्याचा वास कसा येतो, हे अख्ख्या कर्वेनगरात माझ्याइतकं कुणाला ठाऊक असेल असं मला वाटत नाही. हे ज्ञान मला केणीकाकूंनी दिलं. दिलं म्हणण्यापेक्षा नाकात कोंबलं.

केणीकाकू म्हणजे आमच्या समोरच्या फ्लॅटमधल्या शैला केणी. आता तो फ्लॅट भाड्याने दिलाय आणि काका-काकू मुलीकडे बंगळूरला असतात. काकूंचं माहेर वेंगुर्ल्याचं. टेलिफोन खात्यात ऑपरेटर म्हणून लागल्या आणि निवृत्त होईपर्यंत कानाला हेडफोन लावून लोकांचे फोन जोडत बसल्या. त्याचे दोन परिणाम झाले. एक म्हणजे आवाज खणखणीत झाला. काकू मुलीशी बोलायला लागल्या की, "शैला, फोन ठेवलास तरी तिला ऐकू जाईल," असं काका शांतपणे म्हणत. दुसरा परिणाम म्हणजे कान तयार झाला. मी ऑफिसातून येऊन कुलपात किल्ली फिरवली की समोरच्या बंद दारामागून विचारणा व्हायची, "काय रे माधव, आज साहेबाशी वाजलं वाटतं?" आणि वाजलेलं असायचं.

त्यांना उत्साहाचा त्रास होता. दुसरा शब्द मला सुचत नाही. लिफ्ट बोलवायच्या आणि ती येईपर्यंत दम निघत नाही म्हणून जिना उतरायला लागायच्या. मग रिकामी लिफ्ट बिचारी आमच्या तिसऱ्या मजल्यावर दार उघडून उभी. आमची बेल दाबली की दार उघडेपर्यंत बोट काढत नसत. आणि दार उघडलं की पहिलं वाक्य ठरलेलं: "ऐक, ऐक, ऐक." मग ते कढीपत्त्याला फुटलेल्या नव्या पानाबद्दल असो की कुणाच्या ठरलेल्या लग्नाबद्दल. स्वयंपाकघरात त्यांची स्वतःची भाषा होती. गॅस मंद, मध्यम, मोठा असा नसे. रडका, शहाणा आणि चिडका असे. "अगं नीलिमा, पोळ्यांना शहाणा गॅस ठेव, रडक्यावर त्या वातड होतात," असं त्यांनी माझ्या बायकोला लग्नानंतर पहिल्याच आठवड्यात सांगितलं. ती अजून गॅसला तेच म्हणते.

केणीकाका याच्या बरोबर उलट. निवृत्त इंजिनिअर, बोलणं मोजकं, आणि ताटात पडेल ते खाऊन एकच शब्द: "छान." जळलं तरी छान, आळणी असलं तरी छान. काकूंनी एकदा मुद्दाम त्यांना साखर न घातलेला शिरा दिला होता. तोही छान निघाला. त्यामुळे त्या शब्दाची त्या घरात काही किंमत उरली नव्हती.

किंमत होती ती आबामामांच्या शब्दाला. आबा हा काकूंचा धाकटा भाऊ. शाळेत गणित शिकवून निवृत्त झालेला आणि सदाशिव पेठेत राहणारा. त्याची बायको पेठेतलीच, त्यामुळे त्याच्या घरात मासा येण्याचा प्रश्नच नव्हता. वेंगुर्ल्यात वाढलेला हा माणूस माशांसाठी बहिणीवर अवलंबून होता. आणि असं असूनही, किंवा म्हणूनच असेल, जेवताना तो एकही घास बिनटीकेचा जाऊ देत नसे. "ताई, आज आंबट जरा पुढे गेलंय." "ताई, वाटण आईसारखं बारीक नाही झालं." "तिरफळं आज मोजून दोनच घातलीस का?" काकू डाव उगारून त्याच्यावर धावून जायच्या, दोघं तासभर भांडायचे आणि पुढच्या खेपेला वाटण बारीक असायचं. हे भांडण आमच्या जिन्यात स्पष्ट ऐकू येई. माशांचा वास आणि हे भांडण मिळून आमच्या मजल्याचा रविवार होत असे.

वासाबद्दल सोसायटीत कुरकुर होतीच. दुसऱ्या मजल्यावरचे लिमये जिन्यात भेटले की नाकाला रुमाल लावून म्हणायचे, "केणीबाई, आपल्याकडे आज समुद्र आलेला दिसतोय." काकू म्हणायच्या, "हो, या ना पोहायला."

मग एका पावसाळ्यात काकूंना ताप आला. चार दिवसांत ताप गेला आणि जाताना वास घेऊन गेला. जिभेवर खारट, आंबट, तिखट एवढंच अंधुक उरलं. एवढी बोलकी बाई, पण हे तिने कुणालाच सांगितलं नाही. आज ना उद्या येईल म्हणून वाट बघत राहिली आणि सवयीच्या जोरावर स्वयंपाक करत राहिली. मासा ताजा आहे का, वाटण भाजलं का, कालवण उतरवायचं का, हे सगळं ज्या नाकावर चालायचं ते नाक बंद आहे याचा आम्हाला पत्ता नव्हता.

पत्ता लागला भाऊबीजेला. फराळाला कंटाळलेल्या भावाला भाऊबीजेच्या दुपारी मासे घालायचे ही त्यांची वर्षानुवर्षांची रीत. दिवाळीच्या गर्दीत बाजार गाठणं होईना म्हणून काकूंनी कोळंबी आधीच आणून ठेवली होती. आबामामा आले, ओवाळणं झालं, जेवणं झाली. त्यांनी दोनदा वाढून घेतलं आणि म्हणाले, "ताई, मस्त झालंय." काका म्हणाले, "छान." मामा गेले. काकूंनी उरलेलं कालवण सोसायटीच्या बोक्यापुढे ठेवलं. या बोक्याने केणींच्या दारातलं आजवर काहीही नाकारलं नव्हतं. त्याने वाटी हुंगली, काकूंकडे पाहिलं आणि जिना उतरून निघून गेला.

आमची बेल त्या दिवशी एकदाच आणि अगदी थोडी वाजली. दारात काकू वाटी घेऊन उभ्या. "माधव, याचा वास घे." मी नको म्हणणार होतो, पण त्यांचा चेहरा पाहून वाटीवर वाकलो आणि तसाच मागे सरकलो. "काकू, टाकून द्या हे," मी म्हणालो. त्या वाटीकडे बघत राहिल्या. मग म्हणाल्या, "आबाने दोनदा वाढून घेतलं रे."

मामांचं पोट दोन दिवस बिघडलेलं होतं. फोनवर म्हणाले, फराळ जास्त झाला. काकूंना पोटाचं वाईट वाटलंच, पण त्यांच्या जिव्हारी लागलं ते निराळंच. "पहिल्या घासाला कळलं असणार त्याला," त्या नीलिमाला म्हणाल्या. "ज्याने मला आयुष्यात एकदा मस्त म्हटलं नाही, तो मस्त म्हणाला. म्हणजे मी आता कीव करण्यासारखी झाले. इथून पुढे तो मला खरं सांगणार नाही. आणि खरं सांगणारं माणूसच नसेल तर मी रांधायचं कशावर?" दुसऱ्या दिवशी त्यांनी कालवणाची मातीची भांडी धुऊन, पुसून, कागदात गुंडाळून माळ्यावर टाकली.

नंतरचे महिने आमचा मजला ओळखू येईना. केणींकडे वरण-भात, मुगाची खिचडी, दोडक्याची भाजी. बोका दुसऱ्या बिल्डिंगीत राहायला गेला. काकू लिफ्ट येईपर्यंत उभ्या राहायला लागल्या, यावरून काय ते समजा. एकदा लिमयांनी मला जिन्यात गाठलं आणि इकडेतिकडे बघत हळूच विचारलं, "केणींकडे सगळं ठीक आहे ना? नाही म्हणजे, वास येत नाही हल्ली."

या सगळ्याला वळण दिलं इराने. इरा ही काकूंची नात, बंगळूरच्या मुलीची मुलगी. इटलीत शिकायला गेलेली. एका रविवारी तिने व्हिडिओ कॉल करून आजीला दाखवलं की हॉस्टेलच्या स्वयंपाकघरात ती स्वतः रिसोटो करतेय. जाड्या तांदळाचा भात, त्यात मासळी, आणि वरून थोडं थोडं गरम पाणी घालत सतत ढवळायचं. "म्हणजे मऊ भात," काकू म्हणाल्या. "आजी, मऊ भात नाही. दाणा आतून थोडा टणक आणि बाहेर मलईसारखं. नुसतं बघत राहायचं. आणि ऐकायचं. बघ, आता आवाज बदलला." फोनमधून तो आवाज आला आणि टेलिफोन खात्यातला कान टवकारला गेला.

पाच मिनिटांत आमची बेल वाजली आणि वाजतच राहिली. मी दार उघडलं.

"ऐक, ऐक, ऐक. मी कालवण केलं तर मला सारखं वाटणार, वास येत नाही, वास येत नाही. पण या भाताचा वास मला ठाऊकच नाही. जो ठाऊकच नाही तो हरवेल कसा? हा मी डोळ्यांनी आणि कानांनी करणार. यंदाच्या भाऊबीजेला आबाला हाच घालणार. फक्त मासळी ताजी आहे का आणि शिजली का, एवढ्यापुरतं मला तुझं नाक लागेल."

"काकू, मी शाकाहारी आहे."

"मग काय झालं? मी नाक मागतेय, तोंड नाही."

"काका आहेत की."

"ह्यांचं नाकसुद्धा छान म्हणतं," काकू म्हणाल्या, आणि माझी नेमणूक झाली.

पहिला प्रयोग लगेच पुढच्या रविवारी. इरा फोनवर, फोन फळीवरच्या चहाच्या डब्याला टेकवलेला. इराने एकच गोष्ट बजावून सांगितली होती: तांदूळ धुवायचे नाहीत. दाण्यावर जी पांढरी पूड असते तिचीच मलई होते. काकू हो हो म्हणाल्या. इरा कांदा किती बारीक हवा ते सांगत होती तेवढ्यात नळ वाजला.

"आजी, तू तांदूळ धुतलेस?"

काकू हातातल्या पातेल्याकडे बघत राहिल्या. तीनदा पाणी निघालेलं होतं, तांदूळ स्वच्छ. "मी नाही गं धुतले," त्या म्हणाल्या. "हातांनी धुतले."

तो भात दाणा दाणा सुटा झाला. पुलाव म्हणून चांगला होता. काका म्हणाले, "छान."

दुसऱ्या वेळी काकूंनी मन घट्ट करून तांदूळ तसेच घातले, आणि बाकी सगळं जमत असताना त्यांचाच जीव लागेना. "गोदामात पोती असतात, पोत्यांवर उंदीर असतात," त्या ढवळता ढवळता पुटपुटत होत्या. भात दिसायला देखणा झाला, पण काकूंनी त्याला तोंड लावलं नाही. न धुतलेले तांदूळ माणसांना घालायचे आणि तेही भाऊबीजेला, हे त्यांच्याने होणार नव्हतं. मग इराने सोपा उपाय सुचवला: तांदूळ धू, आणि शेवटी क्रीमचा डबा ओत. "इरा, आपल्याकडे मासे आणि दूध एका ताटात येत नाहीत," काकू म्हणाल्या. मग यात लोणी घालतो ते कसं चालतं, असं इराने विचारलं, तर म्हणाल्या, "लोणी म्हणजे दूध नव्हे. वाद घालू नकोस." म्हणजे अडचण अशी की तांदूळ धुतल्याशिवाय चालणार नाही, क्रीम घालायचं नाही, आणि भाताला मलई तर हवी.

मधल्या काळात माझ्या नाकाची शिकवणी सुरू झाली. कोळंबीची सालं आणि डोकी लोण्यावर परतून, पाणी घालून त्याचा रस्सा काढायचा. तो भातात डावाडावाने जिरवायचा. सालं परतताना मला कढईवर वाकून वर्णन करावं लागे. मी पहिल्यांदा म्हणालो, "माशांचा वास येतोय."

"माशांचा वास म्हणजे? आवाज कसला येतोय विचारलं तर गाण्याचा म्हणशील. नीट सांग. तुला जे माहीत आहे त्यातलं सांग."

मला काय माहीत असणार? मी डोळे मिटून म्हणालो, "ओली छत्री बंद करून ठेवल्यासारखा." काकूंनी जोरात मान हलवली. "बरोबर, कच्ची आहेत. परतत राहते." थोड्या वेळाने मी चमकून म्हणालो, "काकू, कणीस. निखाऱ्यावर भाजलेलं कणीस." हे मला स्वतःलाच खरं वाटेना, पण खरोखर तो गोडसर भाजका वास होता आणि तोंडाला पाणी सुटतंय की काय अशी मला भीती वाटली. काकूंचा चेहरा उजळला. "कणीस आलं का? मग झालं. गॅस रडका कर आणि पाणी ओत." त्या दिवसापासून आमच्यात शब्द ठरले. छत्री म्हणजे थांब, कणीस म्हणजे ओत. नीलिमाने एकदा दारातून हे संभाषण ऐकलं आणि तशीच परत गेली.

गणेश पेठेतल्या मासळी बाजारातही माझी वरात निघाली. मी रुमाल खिशात ठेवायचा अशी काकूंची सक्त ताकीद. काकू डोळे बघायच्या, बोटाने दाबून बघायच्या, आणि मग मला पुढे ढकलायच्या. कोळंबीवाली हा प्रकार बघून हसायला लागली. "काय हो काकू, हे सायेब काय करतात?"

"हे माझं नाक आहे," काकू म्हणाल्या.

"नाक बरं हाय, पण घाबरतंय लई," ती म्हणाली. तरी त्याच नाकाने तिसऱ्यांचा एक वाटा नाकारला आणि तिने मुकाट्याने दुसरा काढून दिला, तेव्हा मला जो अभिमान वाटला तो पगारवाढीच्या वेळीही वाटला नव्हता. घरी परतताना काकू मंडईवरून रिक्षा वळवायला लावायच्या, कारण मला लाच द्यायची असे. माझ्यासाठी मटार. प्रत्येक रविवारी मासळीचा प्रयोग सुरू करण्याआधी त्या वेगळ्या पातेल्यात, वेगळ्या डावाने, माझा मटारचा रिसोटो करत. लिंबू पिळून, मिरपूड घालून. तो मी मात्र खाल्लाय आणि त्याच्याबद्दल मी एक अक्षर बोलणार नाही, कारण मग विषय तिथेच राहील.

आणि मग एका सकाळी काकूंनी दाराची बेल तर दाबलीच, शिवाय दारही वाजवलं. हातात पातेलं. "ऐक, ऐक, ऐक. मी मूर्ख आहे."

त्या नेहमीप्रमाणे तांदळाचं धुवण कढीपत्त्याच्या कुंडीत ओतत होत्या. पांढरंशुभ्र, दाट पाणी मातीत जिरताना पाहिलं आणि त्यांचा हात थांबला. "अरे, इकडे मी मलई शोधतेय आणि तिकडे रोज कढीपत्त्याला पाजतेय. पहिलं पाणी कुंडीला. त्यात काय धूळ, काय उंदीर, ते गेलं. दुसरं पाणी चोळून काढायचं आणि रश्श्यात घालायचं. तांदूळ धुतलेही आणि मलई घरातल्या घरात." मला तिथे उभ्या उभ्या टाळी वाजवावीशी वाटली, आणि मी वाजवली. काका मागून म्हणाले, "छान." या वेळी ते बरोबर होते.

तांदूळही काकूंनी आपला निवडला: इंद्रायणी. धुतलेले तांदूळ काकांच्या पंच्यावर पसरून पंख्याखाली सुकवायचे, लोण्यावर परतायचे, आणि दाणे कढईत खडखडायला लागले की धुवण घातलेला गरम रस्सा एकेक डाव. ढवळताना काकू मान कलती करून ऐकत. आधी चुरचुर, मग पुटपुट, मग जड, सावकाश बुडबुडे. "आता पोट भरलं त्याचं," त्या म्हणायच्या. डावाने कढईच्या तळाशी वाट पाडायची. ती भसकन मिटली तर पातळ, उघडी राहिली तर घट्ट, हळूहळू मिटली तर बरोबर. शेवटी ताटलीत वाढून खालून थापटी मारायची, आणि भात सगळीकडून सारखा पसरायला हवा. इंद्रायणी चटकन गिचका होतो, म्हणून जीव तोडून वेळेवर उतरवायचा. तो पहिल्यांदा जमला त्या दिवशी ताटलीतला भात चकाकत संथ पसरला, त्यावर गुलाबी कोळंबी, माकुलाच्या पांढऱ्या चकत्या, उघडलेल्या तिसऱ्या. इरा फोनमध्ये किंचाळली. काकूंनी ताटलीला पुन्हा पुन्हा थापट्या मारल्या, नुसतं पसरताना बघायला.

त्या दिवशी संध्याकाळी लिमये जिन्यात भेटले. रुमाल नाकाशी. "केणीबाई, वास येतोय."

"येतोय ना?" काकू दोन पायऱ्या उतरून त्यांच्यासमोर जाऊन उभ्या राहिल्या. "अहो लिमये, सांगा ना, कसा येतोय? म्हणजे कशासारखा?" लिमयांनी या प्रश्नाची तयारी केलेली नव्हती. त्यांनी रुमाल जरा खाली घेतला, म्हणाले, "म्हणजे, तसा वाईट नाही," आणि घाईने खाली गेले.

दिवाळी आली. आबामामांचा आधीच फोन आला: "ताई, यंदा भाऊबीजेला बाहेरच जेवू. तुला कशाला त्रास?" काकूंनी फोन कानापासून लांब धरला आणि मग जवळ घेतला. "बाहेर? आणि ओवाळायचं कुणी, वेटरने? मुकाट्याने घरी ये." फोन ठेवल्यावर मात्र त्या खुर्चीवर बसल्या. "बघितलंस? भितोय तो," त्या मला म्हणाल्या. "माधव, भात कसाही होवो. तो जर परत मस्त म्हणाला ना, तर मी कढईसुद्धा माळ्यावर टाकणार." त्या हे हसत म्हणाल्या नाहीत.

भाऊबीजेच्या सकाळी आम्ही दोघं बाजार उघडताच हजर. माझ्या नाकाने दोन टोपल्या नाकारल्या. दुपारी मामा आले, गणिताच्या मास्तरांना शोभेल असे वेळेवर. ओवाळणं झालं, फराळाच्या ताटलीतला एक लाडू त्यांनी उगाच कुरतडला. चेहरा दवाखान्यात नंबर लावून बसलेल्या माणसाचा. काका पेपर वाचत होते. काकू आत आणि मी त्यांच्या शेजारी.

कणीस आलं, रस्सा झाला, भात जड बुडबुडे काढायला लागला. काकूंनी मासळी आत घातली, झाकण ठेवलं, आणि थोड्या वेळाने उचललं. वाफ वर आली. त्या सवयीने वाफेवर वाकल्या, आणि त्यांना काही कळलं नाही हे मला त्यांच्या मानेवरूनच दिसलं. मग त्यांनी माझ्याकडे पाहिलं.

"सांग. कसा येतोय?"

मी वाकलो. छत्री नव्हती. कणीस होतं, पण मागे कुठेतरी. लिंबू होतं, लोणी होतं, आणि या सगळ्यांच्या खाली काहीतरी होतं जे मला ओळखीचं होतं आणि ज्याला माझ्याकडे नाव नव्हतं. मी पुन्हा वाकलो. आणि मला आठवलं: रविवारची दुपार, मी जिना चढून येतोय, समोरच्या दारामागे भांडण चाललंय.

"काकू," मी म्हणालो, "तुमच्या घरासारखा येतोय."

त्यांनी वळून नळाखाली डाव धुतला, जो स्वच्छच होता. मग गॅस बंद केला आणि ताटल्या मांडल्या.

मी माझी मटारची ताटली घेऊन निघालो. नाकाचं काम संपलं होतं, आणि पुढचं माझ्या देखत व्हायला नको असं मला वाटलं. पण मी आमच्या दारापर्यंत पोचलो आणि पाय पुढे जाईनात. केणींचं दार दिवाळीचं उघडंच होतं. मामांनी पहिला घास घेतला. चावला. काकू शेजारी उभ्या, पदराचं टोक मुठीत. दुसरा घास घेतला. माझ्या हातातला मटार निवत होता. मामांनी चमचा ताटलीत ठेवला, डोळे बारीक केले, आणि छताकडे बघत एखादं उत्तर तपासावं तसं म्हणाले,

"ताई, मीठ कमी आहे गं."

काका पेपरमागून म्हणाले, "छान." त्यांच्याकडे कुणी पाहिलंसुद्धा नाही.

"कमी आहे?" काकूंचा आवाज चढला. "खरंच कमी आहे?"

"कमी म्हणजे चांगलंच कमी. तिसऱ्या खारट असतात म्हणून हात आखडलास ना? पण तू त्या पाण्यात भिजवून ठेवल्या असशील. आणि हे माकूल अजून पातळ चिरायला हवं. आईने असं चिरलं असतं तर—"

"आईने जन्मात रिसोटो केला नाही," काकू गरजल्या, "आणि तू मला शिकवू नकोस." असं म्हणत त्या मिठाची बरणी आणायला आत अक्षरशः पळाल्या. परत आल्या तेव्हा डोळे पुसायचं त्यांना भान नव्हतं, आणि चेहऱ्यावर असं हसू होतं की मी माझ्या दारात उभ्या उभ्या हसायला लागलो.

नंतरच्या उन्हाळ्यात ते बंगळूरला गेले. निघायच्या दिवशी मी ऑफिसच्या कामाने बाहेरगावी होतो, त्यामुळे गाडी, सामान, निरोप यातलं मी काही पाहिलं नाही. माझ्यापुरत्या काकू त्या उघड्या दारातच राहिल्या आहेत. मामा चमच्याने भात उकरतायत, काकू त्यांच्या ताटलीवर वाकून चिमटीने मीठ पेरतायत, जिन्यातून तो बोका चोरपावलांनी वर येतोय. मामांनी घास घेतला, थांबले.

"आता जास्त झालं," ते म्हणाले.